पायरी का गज

भागीरथीबाईंचा डोळा लागतो आहे, पण दात अजून आवळलेलेच आहेत. दुपारचं ऊन फरशीवर आलंय. बाहेर ओट्यावर पुतण्या इरण्णा बसलाय, त्याला काकूंकडून फक्त एक हो हवाय. गुरुनाथ आज तुरुंगातून सुटून गावात यायचाय, आणि इरण्णा त्याला वेशीतच आडवा पाडणार आहे. बाईंना हो म्हणायचंच आहे. जरा पाठ टेकावी नि उठून सांगावं, एवढंच.

त्यांचा मुलगा मन्मथ डाळमिलच्या जिन्याखाली मरून पडलेला सापडला. तालुक्याच्या डॉक्टरने लिहिलं, पडून मेला. बाईंनी हट्ट धरून पुरलेलं लेकरू उकरायला लावलं, तेव्हा शहरातल्या डॉक्टरने सांगितलं, डोक्यात गज घातलाय. गज सापडला, त्यावर रक्त निघालं. एका प्रयोगशाळेला ते मन्मथचं वाटलं, दुसरीला सांगता येईना. दोघांचं भांडण नि तिसऱ्याचा लाभ! मिलमधला भागीदार गुरुनाथ परवा कोर्टात संशयाचा फायदा मिळून निर्दोष ठरला.

पापणी मिटते आणि मन्मथ समोर बसलेला आहे. मांडी घालून, लिंगायतांत पुरताना बसवतात तसा. कपाळाला विभूती, केसांत काळी माती.

"माय, उकरलंस तेव्हा लई गार वाटलं," तो म्हणतो.

"वाटू दे. कोण होता ते सांग."

खोलीचं कोर्ट झालेलं आहे आणि त्याचं कुणालाच नवल वाटत नाही. मन्मथ साक्षीच्या पिंजऱ्यात मांडी घालून बसलाय. न्यायाधीशाच्या खुर्चीत खुद्द भागीरथीबाई आहेत. इतकी वर्षं मागच्या बाकावर बसून ऐकून घेतलं, आज एकेकाला बघून घेणार आहेत.

"गुरुनाथच होता ना?"

"मागून आलं, माय. मी बघितलोच नाही."

"म्हणजे कुणीतरी मारलं! पडला नाहीस!"

"काहीतरी लागलं. पायरी लागली का गज लागला, मला काय ठाऊक?"

बाईंच्या तळपायाची आग मस्तकात जाते. "मग खोटं बोल! त्याचं नाव घे. मेलेल्याची उलटतपासणी कोण घेणार?"

"त्यानंच मारलं असंल तर मलाबी त्याचा गळा दाबायचाय. तुझ्यापेक्षा जास्त," मन्मथ म्हणतो. त्याचे डोळे लाल झालेत. "पण त्याला मारलं आणि तो नसला, तर खरा हसत बसंल. मग मी कुणाच्या मानगुटीवर बसू?"

आता दोघं त्या उकरलेल्या खड्ड्यात आहेत. बाई त्याच्या डोक्यामागची माती बोटांनी उकरतात, जखम चाचपतात. खळगा लागतो, गोल, गजाएवढा.

"हा बघ! गजच!"

"परत चाचप."

या वेळी कड सरळ लागते, पायरीच्या काठासारखी. त्या चिडून पुन्हा गोल शोधतात, तर गोल लागतो. मग पुन्हा सरळ. जे मनात आणावं तेच बोटाला लागतंय.

"बघ," मन्मथ म्हणतो, "तुझं बोटबी दोन रिपोर्ट द्यायलंय."

"काकू!" इरण्णा दारात उभा आहे. "गुरुनाथ फाट्यावर उतरलाय. हो म्हण की."

भागीरथीबाई उठून बसतात. राग तसूभरही कमी झालेला नाही. पण गुरुनाथचं तोंड डोळ्यांपुढे आणावं, तर ते त्या रागाला चिकटत नाही.

"नको," त्या म्हणतात.

"काकू! मन्मथचा जीव वाया घालवायचा?"

"चुकीचा माणूस मारलास तर खरा जन्माचा सुटंल. मला कुणी सुटलेला नको. वरच्या कोर्टात जायचं, सगळं परत उकरायचं. वकिलाला फोन लाव."

इरण्णा चरफडत पाण्याचा तांब्या पुढे करतो. बाई हात पुढे करतात, आणि दोघंही थबकतात. घरात सगळीकडे फरशी, तरी बाईंच्या दहाही नखांत काळी, ओली माती भरलेली आहे.

"हातावर पाणी घालू?" इरण्णा हळूच विचारतो.

"राहू दे," भागीरथीबाई म्हणतात. "खरा सापडेपर्यंत राहू दे."