सतरा वर्षांची चाकरी

एअर कमोडोर जयसिंहराव धुमाळ निवृत्त होऊन ग्वाल्हेरच्या हरिशंकरपुरम कॉलनीत राहायला आले, तेव्हा कॉलनीला वाटलं, आता रोज संध्याकाळी युद्धाच्या गोष्टी ऐकायला मिळणार. माणूस दोन लढायांत विमान घेऊन गेलेला, एका मोठ्या हवाई तळाचा प्रमुख राहिलेला. पण जयसिंहरावांचं म्हणणं असं, की वर गेलं की ढग दिसतात आणि खाली आलं की फायली दिसतात, यात सांगण्यासारखं काय आहे? त्यांना एकच गोष्ट सांगायला आवडायची. आपण हवाई दलात शिरायच्या आधीच, वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी, म्हातारे म्हणून घरी कसे बसणार होतो, ती.

धुमाळांचं मूळ घर ग्वाल्हेरातल्या लष्कर नावाच्या भागात, तिथल्या खासगी बाजार या पेठेला लागून. वडील ग्वाल्हेर दरबारच्या घोडदळात एका पथकाचे प्रमुख. तेहतीस साली ते वारले, तेव्हा जयसिंह अकरा वर्षांचा. आता दरबारची रीत अशी, की मानाची जागा रिकामी राहायची नाही. बाप गेला की मुलगा बसायचा, मग त्याला मिसरूड फुटलेलं असो नाहीतर नसो. दसऱ्याला या पोराच्या डोक्यावर वडिलांची पगडी ठेवली. ती घसरून थेट नाकापर्यंत आली. समोर कोण बसलंय ते काही दिसेना. त्यामुळे त्यानं पहिला मुजरा केला तो एका खांबाला. पण केला अगदी रीतसर. दफ्तरात नाव चढलं, आणि त्या दिवसापासून त्याची आई, सुधाताई, त्याला अहो-जाहो करू लागली.

पथकाचं काम सगळं सूर्याजी बघायचा. तो वडिलांच्या हाताखालचा जुना जमादार. नवे सरदार शाळेत जायचे, आणि शाळा सुटली की सराफ्याच्या गच्च्यांवर पतंग उडवायचे.

घोड्याचं आणि जयसिंहरावांचं कधी जमलं नाही. जमलं ते विमानाशी. संस्थानाकडे दोन छोटी विमानं होती. बाविसाव्या वर्षी त्यांतल्या एकात बसायला मिळालं आणि माणूस पार कामातून गेला. खाणं-पिणं सुचेना. जन्मभर दुसरं काही करायचं नाही, एवढं त्यानं ठरवून टाकलं.

मग राज्यं गेली. ग्वाल्हेर मध्यभारतात विलीन झालं, आणि पन्नास साली संस्थानी फौजांमधल्या कोणाला ठेवायचं आणि कोणाला हार घालून घरी पाठवायचं, याची दिल्लीत छाननी सुरू झाली. जयसिंहरावांनी हवाई दलासाठी अर्ज केला. अर्जात विचारलं होतं, सेवेत कधी दाखल झालात? लष्करातल्या कुठल्याही सरदाराच्या मुलानं जे लिहिलं असतं तेच त्यांनी लिहिलं. दसरा, एकोणीसशे तेहतीस. वर अभिमानानं दरबारच्या कागदाची नक्कलही जोडली. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

दिल्लीचं उत्तर फार अदबीनं आलं. आपली सतरा वर्षांची प्रदीर्घ सेवा पाहता खालच्या हुद्द्यावर घेणं आपल्याला शोभणार नाही, वरच्या हुद्द्याला जागा नाही, तेव्हा आपण सन्मानानं विश्रांती घ्यावी. वय वर्षं अठ्ठावीस! जयसिंहराव दिल्लीला धावले. तिथल्या साहेबानं सांगितलं, तुम्ही लहानपणी प्रत्यक्ष काही काम केलं नाही, असं तुमच्या पालकांनी लिहून दिलं तर बघू.

म्हणजे घोडं अडलं ते आईपाशी.

"आईसाहेब, एवढं लिहून द्या की मी तेव्हा काहीच करत नव्हतो."

"असं कसं लिहिणार? दरबारच्या कागदावर नाव आहे तुमचं."

"नाव माझं, काम सूर्याजीचं. मी तर पतंग उडवत होतो."

"पतंग सगळेच उडवतात. त्यानं सरदारी जाते काय?"

"सरदारी तर गेलीच ना, आईसाहेब! संस्थानच नाही राहिलं, तो सरदारी किस की करूँ?"

सुधाताई उठून आत गेल्या. चार दिवस बोलल्या नाहीत. जयसिंहरावांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. या बाईनं सतरा वर्षं ज्या एका गोष्टीवर मान ताठ ठेवली होती, ती खोटी आहे असं तिच्याच हातानं लिहून मागायचं! पण विमानही सोडवेना. पाचव्या दिवशी सुधाताईंनी लाखेची मोहोर लावलेला लिफाफा पुढ्यात टाकला. "उघडायचा नाही. तिथंच द्यायचा."

दिल्लीत समोर तीन अधिकारी बसले होते. अध्यक्षांनी लिफाफा फोडला, आणि आतली मराठी बघून कागद जयसिंहरावांकडेच सरकवला. "आप ही पढ़िए। और सच पढ़िए।"

जयसिंहराव एकेक वाक्य वाचून हिंदीत सांगू लागले.

"माझ्या मुलानं अकराव्या वर्षापासून दरबारची चाकरी केली असं मी सगळ्यांना सांगत आले. ते खोटं आहे. घोड्यावर बसवलं की तो रडायचा. दोनदा पडला. त्यातून एकदा घोडा उभा असताना."

"खड़ा था?" अध्यक्षांनी विचारलं.

"जी सर. खड़ा था।"

एक अधिकारी खिडकीबाहेर बघू लागला. त्याचे खांदे हलत होते.

"हजेरीला सूर्याजी जायचा आणि हा घरी गुळाच्या पोळ्या खायचा. याचे वडील गेले तेव्हा मी एकोणतीस वर्षांची होते. दरबारात त्यांची जागा रिकामी दिसेल, हे मला सोसवेना. म्हणून मी पोराला तिथं बसवलं. त्याला विचारलं नाही."

इथं जयसिंहरावांना हिंदी सुचेना. अध्यक्षांनी पाण्याचा पेला पुढे केला. "आगे?"

"त्याला विमान आवडतं. त्याला घरी पाठवू नका. घरी आला तर मी त्याला परत तिथंच बसवीन."

त्यांनी तेही सांगितलं. मोडकंतोडकं, खाली मान घालून, पण सांगितलं.

घेतलं त्यांना. सगळ्यांत खालच्या हुद्द्यावर, कालच्या पोरांच्या रांगेत. मागची सेवा: नाही.

तार घरी पोचली तशा सुधाताई सूर्याजीला बरोबर घेऊन पेढे वाटायला निघाल्या. त्या गल्लीत नोकरी करायचे ते कारकून. धुमाळांच्या घरात नोकरी हा शब्द कधी कोणी उच्चारला नव्हता. शेजारच्या शांताताईंनी पेढा हातात घेऊन कौतुकानं विचारलं, "काय वहिनीसाहेब, सरदारांना आणखी कुठला मान मिळाला?"

"मान कसला," सुधाताई म्हणाल्या. "पोराला नोकरी लागली. पहिलीच आहे."