कंटेनरची गोष्ट

मी सर्वांत जास्त ऋणी आहे तो चौसाळ्यातल्या आमच्या शेजारच्या मेकॅनिक चाचांचा. टेम्पोच्या धडकेत वडिलांची कंबर मोडली. भेटायला येणारा प्रत्येक जण आईला विचारी, "कसं झालं?" सांगताना ती रोज नव्यानं कोसळायची.

मग चाचा ग्रीसचे हात पुसत आमच्या दारातच बसू लागले. "भाभीला काहून इचारता बे? इकडं या, मी सांगतो!"

त्यांच्या गोष्टीत टेम्पोचा ट्रक झाला, ट्रकचा कंटेनर. एकदा आई आतून ओरडली, "भाई, टेम्पोच होता हो!" आणि चक्क हसली.

पुढं उपचारांसाठी वडिलांना मी नोकरीच्या गावी आणलं. तिथून चाचांना लिहिलं, "वडील काल काठी धरून दारापर्यंत चालले. तुम्ही गावात सांगताना त्यांना पार डोंगरातल्या कपिलधारच्या धबधब्यापर्यंत न्या."