आदिमानवाचं काही सांगता येत नाही

फिल्म जेमतेम दहा मिनिटांची, पण किस्से इतके साठलेत की सांगायला बसले की चहा गार होतो. हजारो वर्षांपूर्वीची माणसं कशी जगत होती, हे एका छोट्या म्युझियमसाठी दाखवायचं होतं. मंदार दिग्दर्शक, मी त्याची असिस्टंट. सल्लागार म्हणून पुरातत्त्वाचे एक रिटायर्ड सर. त्यांची सही झाली तरच फिल्म लागणार होती. आणि सरांचं कशालाही एकच उत्तर, "सांगता येत नाही."

कपड्यांपासूनच बघा. शनिवार पेठेतल्या दुकानात मी विचारलं, "आदिमानवासाठी फर आहे का?" मालकांनी पेपरातून डोकंही वर काढलं नाही. "मापाला स्वतः येणार आहेत का?"

चार मीटर घेऊन आले, तर सर म्हणाले, "एवढ्या उन्हात फर कोण घालेल?" मग काय घालत होते? "सांगता येत नाही." माझ्या डोक्याचा नुसता भुगा.

मग शिकारी. खराडीतला आयटीवाला निखिल, दाढी स्वतःची, पण चष्मा मायनस सहा. चष्मा काढला की भाला हरणाऐवजी कॅमेरामनवर. मी सरांना म्हटलं, "त्यांच्यातही कोणाचे डोळे अधू असतील ना?"

"असतील. पण फार दिवस जगले नसतील." हे बरं सांगता आलं!

खरा घोळ शेवटच्या सीनला झाला. आई आपलं गेलेलं तान्हं बाळ पुरते, असा सीन. आई झाल्या होत्या वंदनाताई, अमरावतीकडच्या. आमचे कपडेही त्यांनीच शिवलेले. सर म्हणाले, "बाळ घरातच पुरायचे. चुलीशेजारी, जमिनीखाली. खोदकामात तसंच सापडतं."

मंदारला ते पटेना. त्याला नदीकाठ हवा होता, मावळता सूर्य हवा होता.

"नदीकाठ दाखवलात तर मी सही करणार नाही," सर म्हणाले.

"अहो सर, पण राहत्या घरात का? लोक मला विचारतील."

"सांगता येत नाही."

झालं, शूटिंग बंद. सगळे सेटसाठी बांधलेल्या मातीच्या झोपडीत बसून राहिलो. कोण बरोबर, मला काही कळेना. वंदनाताई फरमध्ये गुंडाळलेली बाहुली मांडीवर घेऊन कधीपासून थोपटत होत्या.

"बाहेर एकटं भेवते ना ते," त्या म्हणाल्या, आणि चुलीशेजारची माती हातांनी उकरायला लागल्या.

सरांनी माझ्याकडे पेन मागितलं.