कलेक्टरसाहेबांच्या वडिलांचं गाव

शनिवार, १४ जून २०२५. सकाळी सातला स्लाऊहून निघाले. रुळांचं काम चालू असल्याने रीडिंगपर्यंत बस, तिथून टॉन्टनपर्यंत ट्रेन, पुढे टॅक्सी. संध्याकाळी आठला घरी. पाऊस नव्हता.

बाबा गेल्या जुलैत गेले. तहसील कचेरीतून निवृत्त झाल्यावर त्यांनी एकच काम केलं. आमच्या जिल्ह्यात कलेक्टर होऊन गेलेल्या हेन्री वॉल्टर पेनरिज या इंग्रजाचं चरित्र लिहिलं. बाबा व्हिडिओ कॉलवर सांगायचे, मी इथे टाईप करायचे. वर्षश्राद्धाला पुस्तक वाटायचं दादाने ठरवलंय. शेवटच्या पानावर साहेबांच्या कबरीचा फोटो हवा होता, आणि इंग्लंडात मीच आहे.

कबर कुठे, हे बाबांनी स्वतःच ठरवून टाकलं होतं. सॉमरसेटमधल्या एका खेड्यातल्या चर्चच्या कबरींच्या यादीत त्यांना वॉल्टर पेनरिज सापडला. म्हणजे साहेबांचे वडील. माणूस निवृत्त झाला की वडिलांच्या गावी जाणारच, असं त्यांचं म्हणणं.

कुणाला त्या बाजूला जायचं असेल तर शनिवारी जाऊ नका. गावात बस दोनदाच जाते आणि पहिली आपण पोचायच्या आत सुटलेली असते. टॅक्सीला तीस पौंड पडले. ड्रायव्हर म्हणाला, "तिथे काय बघणार? पब आहे, तोही दोन वाजता किचन बंद करतो." मी दोन वाजून पाच मिनिटांनी पोचले. चिप्सचं पाकीट घेतलं.

ट्रेनमध्ये हस्तलिखित पुन्हा चाळलं होतं. साहेब विशीत असिस्टंट कलेक्टर म्हणून आले. वर्षातले सात महिने तंबूत, घोड्यावरून गावोगाव जमाबंदी. कारकुनांना झापण्यापुरतं मराठी पहिल्याच वर्षी शिकले. दुष्काळात तलाव खोदून घेतला आणि त्याच साली शेतसारा माफ केला नाही. बाबांनी दोन्ही लिहिलंय, ओळीला ओळ लावून. पुढे कमिशनर झाले, पेन्शन घेऊन परत गेले. हे सगळं बाबांना कचेरीच्या रेकॉर्ड रूममध्ये सापडलं होतं. पहिलं प्रकरण मात्र साहेबांच्या लहानपणाचं.

चर्चला कुलूप. किल्ली समोरच्या घरी, अशी दारावर चिठ्ठी. समोरच्या घरातून मार्गारेट नावाच्या बाई आल्या. सत्तरीच्या पुढच्या, चर्चचं सगळं त्याच बघतात. वॉल्टरची कबर त्यांनी लगेच दाखवली. शेजारी हेन्री नव्हता.

"मुलगा? वॉल्टरचं लग्नच झालं नव्हतं," त्या म्हणाल्या. "बेकरी होती त्याची."

मी म्हटलं, "पण हेन्री वॉल्टर पेनरिज. मधलं नाव वडिलांचं."

"कोणी सांगितलं? माझं मधलं नाव रोझ आहे. माझे वडील बर्नार्ड होते आणि त्यांना गुलाबांची ॲलर्जी होती."

त्यांनी रजिस्टरही काढून दाखवलं. हेन्री कुठेच नाही. या गावाशी त्याचा काही संबंध नव्हता.

मला पंधरा वर्षं झाली इथे. प्रत्येक फॉर्मवर मधल्या नावाच्या रकान्यात मी बाबांचं नाव लिहिते आणि नंतर समजावत बसते. तरी ते प्रकरण टाईप करताना माझ्या लक्षात आलं नाही. बाबांचा राग आला. एकदा विचारायचं तरी. मग स्वतःचा आला.

परतीच्या ट्रेनमध्ये दादाचा फोन. "मिळाला का गं फोटो? सोमवारी छपाईला द्यायचंय."

"नाही मिळाला. पहिलं प्रकरण सगळं चुकलंय. तो त्यांचा बाप नाही."

"बरं मग? वर्षश्राद्धाच्या पंगतीतून उठून कोण सॉमरसेटला बघायला जाणार आहे?"

"मी आत्ताच जाऊन आले."

"हे बघ, बाबांचं लिखाण आहे. गेलेल्या माणसाच्या शब्दाला हात लावायचा नाही."

"दादा, वारसाचं एक नाव चुकलं तर बाबा अख्खा फेरफार परत पाठवायचे. दिवाळीच्या आदल्या दिवशीसुद्धा."

तो म्हणाला, "तुला काय करायचं ते कर. पण आईला तूच सांग."

रविवारी सकाळी प्रकरण उघडलं. वॉल्टर छोट्या हेन्रीला पहाटे पाचला उठवतो. गार पाण्याने तोंड धुवायला लावतो. एकोणतीसचा पाढा चुकला की पुन्हा पहिल्यापासून. परीक्षेच्या दिवशी काही न बोलता शाळेच्या फाटकापर्यंत येतो आणि सुटेपर्यंत तिथेच उभा राहतो.

याला रेकॉर्ड रूममध्ये आधार असणं शक्य नाही. आमच्या शाळेचं फाटक हिरवं होतं. बाबा अर्ध्या दिवसाची रजा टाकून यायचे.

नऊ पानं काढली. दुसऱ्या प्रकरणाला पहिलं केलं, आकडे बदलले, फाईल दादाला पाठवली. आईला फोन करून सांगितलं. ती म्हणाली, "त्यांना आवडलं नसतं, पण त्यांनीही तेच केलं असतं." कबरीच्या जागी बाबांनी स्वतः काढलेला तलावाचा फोटो जाईल. हेन्री कुठे पुरलाय ते मला माहीत नाही आणि पुढच्या वर्षीपर्यंत शोधायचंही नाही.

त्या नऊ पानांची प्रिंट काढली. शाई संपत आल्यामुळे शेवटची दोन फिकट आली. स्टेपल करून कपाटात ठेवली आणि डब्यासाठी मटकी भिजत घातली.