ते आता येणार नाहीत

लोणावळ्यातल्या एका बंगल्याच्या मागच्या खोलीत मी जपानी ऐतिहासिक चित्रपटांना मराठी आवाज देते. सगळे एकाच नटीचे. पहिल्यात ती कोवळी मोलकरीण होती. मग सरदाराची बायको झाली, तिकडच्या जुन्या रीतीप्रमाणे दात काळे करून. ते दात बघून मला आमच्या आत्याची मिश्री आठवली आणि बाई घरचीच वाटू लागली. अलीकडे मात्र दर चित्रपटात तिचा नवरा लढाईत मरतो. मरतो तिचा, धडकी भरते मला.

म्हणून मी माझ्यापुरती एक रीत पाडली. असा प्रसंग संपला की माईक बंद करायला लावायचा, मंगळसूत्र मुठीत धरायचं आणि हळूच म्हणायचं, "येतायत ते." हसा खुशाल.

त्या दिवशीचं वाक्य होतं, "ते आता येणार नाहीत." बाहेर दाट धुकं. आमचे हे सकाळीच कामशेतहून तांदळाचा टेम्पो घेऊन पनवेलला निघाले होते.

"घाटात तांदळाचा टेम्पो उलटलाय म्हणे," चहा देताना रेकॉर्डिस्ट सहज बोलून गेला.

मी फोन लावला. संपर्क क्षेत्राबाहेर. पुन्हा लावला, तेच.

"ताई, घ्यायचा टेक?"

पडद्यावर ती गुडघे टेकून बसली होती. तिचे ओठ हलले. मी बोलले की ते खरं होणार, असंच वाटत होतं. एवढी शिकलेली मी, पण भीतीपुढे शिक्षण कसलं टिकतंय!

"नाही बोलणार मी!" हेडफोन काढून मी ओरडलेच. तो बिचारा दचकला.

फोन वाजला तेव्हा उचलायचंही धाडस होईना. शेवटी उचलला.

"आगं, मी हितं बोगद्यापाशी अडाकलोय. लय गर्दी हाय. उलाटलेला टेम्पो माझ्यासंगं तांदूळ वाहणाऱ्या कार्ल्याच्या भाऊंचा. भाऊ न्हाई वाचलं."

मी आधी हात जोडले. भाऊंचं ऐकू आलं ते नंतर.

संध्याकाळी हे मला न्यायला आले. मी त्यांना काचेपलीकडे बसवलं आणि त्यांच्याकडे बघतच वाक्य बोलले. पहिल्याच टेकला झालं. मग सवयीने मंगळसूत्र मुठीत घेतलं, पण "येतायत ते" म्हणवेना. माझे हे समोर बसून वडापाव खात होते. कार्ल्यातल्या वहिनींना मात्र तेच वाक्य आज कुणीतरी खरोखर सांगितलं होतं.