भिंतीवरचा फिका चौकोन

बाबांचा फोटो होता तिथे आमच्या भिंतीवर एक फिका चौकोन उरलाय. आज सकाळी आई त्याच्याकडे बघत चहा पीत होती.

फोटो मीच नेला होता. सिनेमाच्या सेटवरच्या घरात मेलेल्या बापाचा हार घातलेला एक फोटो हवा होता आणि बापाचं काम करणारा नट काही स्वतःच्या फोटोला हार घालू देईना, अपशकुन म्हणे. म्हटलं, बाबा तर गेलेलेच आहेत, त्यांना कसला अपशकुन! पुढे सेट तोडला तेव्हा त्या ढिगाऱ्यात फोटोही गेला. निदान सिनेमात तरी राहतील, अशी मी आईची समजूत घातली.

मग दिग्दर्शकाने कथा बदलली. त्या घरातला बाप आता जिवंत हवा होता. आमच्याकडे सेट सजवणारा मीच आणि नंतर कॉम्प्युटरवर चित्र दुरुस्त करणाराही मीच. जी माणसं कधी नव्हतीच त्यांच्या वावराच्या खुणा मी भिंतींवर उमटवतो, आणि सांगितलं की होत्या त्याही पुसतो. आठवडाभर एकेका फ्रेममध्ये बाबांवर भिंतीचा रंग ओढत बसलो. आधी हार, मग चष्मा, मग कपाळ. हात एकदाही अडखळला नाही. सुपरवायझर मागून म्हणाला, "फोटो गेला, पण त्याची सावली राहिलीय." तीही काढली.

आईला यातलं काहीच माहीत नाही. कप खाली ठेवत ती म्हणाली, "सिनेमा लागला की मला अगदी पुढे बसव हं. हल्ली लांबचं दिसत नाही."

"बसवतो," मी म्हणालो.