तुलनेची बाई

पूजाचा फोन आला तेव्हा मी अंगणवाडीत पोरांची वजनं घेत होते. "मावशी, आई गेल्या," एवढंच ती म्हणाली. पूजा म्हणजे छायाची सून. नांदेडहून डायलिसिस करून परत येताना गाडीतच छाया गेली होती. मी फोन ठेवला, काट्यावरचं लेकरू उतरवलं, त्याचं वजन लिहिलं, मग उरलेल्यांचीही वजनं घेतली. हातातलं काम टाकून रडत धावणाऱ्यांपैकी मी नाही आणि त्याची मला लाजही वाटत नाही. लाज वाटते ती फोन ठेवल्याबरोबर मनात आलेल्या पहिल्या विचाराची. आता ती मला विचारणार नाही... असा तो विचार होता, आणि त्यात सुटका होती.

छाया आणि मी एकाच वर्षी लग्न होऊन या गावात आलो. वसमतच्या रस्त्यावरचं हे गाव, विहाराला लागून तिचं घर, समोर माझं. सुरुवातीला दोघीही हळद काढायला, शिजवायला जायचो. मी थोडी शिकलेली, म्हणून मला अंगणवाडी मिळाली आणि माझ्या बुडाखाली खुर्ची आली. तिच्या हातात कुदळ राहिली. कंबर धरली की ती किराणा दुकानातून दुखण्याच्या गोळ्या आणायची आणि पदराच्या टोकाला गाठ मारून ठेवायची. सकाळी चहाबरोबर एक, दुपारी भाकरीनंतर एक. गाठ दातानं सोडायची सवय होती तिला. मी हटकलं की म्हणायची, "तुज्या खुर्चीला न्हाई दुखत, माज्या कंबरेला दुखतंय."

बऱ्याच वर्षांपूर्वी मूत्रपिंडाच्या आजाराची पाहणी करणारे डॉक्टर आमच्या भागात आले होते. गावोगावच्या धडधाकट बायकांचं रक्त आणि लघवी घेऊन त्यांनी गोठवून ठेवली. आमच्या गावात घरोघर फिरून बायकांना तयार करायचं काम माझंच होतं. छायानं पहिला हात पुढे केला, तो माझ्या भिडेनं; तिच्यामागून मीही दिलं. त्यानंतर डॉक्टर मंडळी अधूनमधून येऊन नुसती चौकशी करत. एखादीला आजार झाला की दुखण्याआधी गोठवलेली तिच्या रक्ताची नळी ते बाहेर काढायचे. तिच्याच वयाच्या, त्याच भागातल्या आणि तोवर ठणठणीत असलेल्या काही बायकांची नावं चिठ्ठी टाकल्यासारखी निवडायची, त्यांच्याही नळ्या काढायच्या. सगळ्यांचं रक्त तपासणं परवडत नाही, म्हणून ही रीत. मग आजारी आणि तुलनेच्या, दोघींनाही तेच प्रश्न : पाणी कुठलं, फवारणी केली का, गोळ्या किती खाल्ल्या.

छायाचे पाय सुजले, तपासण्या झाल्या, आजार निघाला. कोणाची तुलना कोणाशी हे डॉक्टर सांगत नाहीत. पण त्या आठवड्यात गावातल्या दोघींनाच बोलावणं आलं, तिला आणि मला. तिला हसू आलं. "मी नवरी आन् तू करवली," ती म्हणाली. "नवरीसंगं करवलीलाबी सुया. जपून ऱ्हाय बाई, आज करवली हाईस, उद्या नवरीबी व्हशील."

तिनं गोळ्यांचं सगळं खरं सांगितलं. प्रश्न विचारणाऱ्या डॉक्टरीणबाई हळू बोलत होत्या, पण आमच्याकडच्या भिंती पातळ. संध्याकाळपर्यंत गावभर झालं की छायानं गोळ्या खाऊन किडनी घालवली. तिचा दीर ओट्यावरून सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "सोताच्या हातानं केलं, आता आमाला तकलीफ." ती मान खाली घालून भांडी घासत राहिली. ते मला बघवेना. दुसऱ्या दिवशी माझा नंबर लागला आणि गोळ्यांचा प्रश्न आला, तेव्हा मी म्हणाले, हो, मीही रोज खात होते, तिच्याइतक्याच. मी आयुष्यात चार गोळ्या खाल्ल्या असतील-नसतील. पण ती एकटी पडायला नको, असं मला वाटलं. आम्ही बायका एकमेकींना अशाच सावरतो. सासरच्या चौकशीत एकीनं चूक कबूल केली की दुसरी म्हणते, मीही होते तिच्याबरोबर. मी तेच केलं आणि मोठ्या तोऱ्यात तिला जाऊन सांगितलं.

तिनं आधी माझ्याकडे वळून नीट बघितलं. मग म्हणाली, "माजं दुखणं तुला उसनं कशाला पायजे?"

"तुझ्यासाठीच बोलले मी."

"मी गोळ्यांनी पडले का दुसऱ्या कशानं, तेच हुडकून राहिलेत ना ते? मंग तू न खाता खाल्ल्या काहून म्हणालीस? ठणठणीत बाईनंबी तेवड्याच खाल्ल्या म्हणल्यावर गोळ्यांवर संशय कोन घेईल?" आणि आवाज खाली आणून म्हणाली, "पूजाच्या पदराला गाठ पाह्यली म्या. फोन कर त्या डॉक्टरीणबाईला. खरं सांग."

मी हो म्हणाले आणि फोन केला नाही. अंगणवाडीच्या नोंदीत लेकराचं चुकीचं वय सांगणाऱ्या बायकांवर रोज डाफरणारी मी... मीच खोटं बोलले, हे कोणत्या तोंडानं सांगायचं? पुढच्या खेपेला सांगू, म्हणत राहिले. डायलिसिसहून आली की ती खाटेवर पडून विचारायची, "केला का गं?" मी म्हणायचे, करते. नंतर नंतर ती शब्दांनी विचारेना, नुसती बघायची. मी तिच्याकडे जायचं कमी केलं. कामं आहेत म्हणाले. कामं होतीच, पण ती नेहमीच असतात.

ती गेल्यावर मी फोन केला. डॉक्टरीणबाई रागावल्या नाहीत. उत्तर दुरुस्त करता येईल म्हणाल्या, पण गोळ्यांमुळेच झालं असं इतक्यात कुणाला सांगू नका, अजून बऱ्याच जणींचं बघायचंय. एवढं सोपं होतं ते. तिच्या डोळ्यांदेखत करता आलं असतं.

विहारात तिच्यासाठी पुण्यानुमोदनाची वंदना झाली, त्या दिवशी पूजानं छायाच्या साड्या माझ्याकडे दिल्या. वाकळ शिवायला, कारण मशीन माझ्याकडे आहे. त्यातल्या एका सुती साडीच्या पदराचं टोक चुरगळलेलं होतं, दातांनी विरलेलं. पाणी शिंपडून इस्त्री फिरवली तरी चुण्या गेल्या नाहीत. पूजा बघायला आली तेव्हा ते टोक मी तिच्यापुढे धरलं आणि सगळं सांगितलं, माझ्या खोट्यासकट. हे सगळं लिहून छापायला देऊ का, तेही विचारलं. "द्या," ती म्हणाली, "आई कुटं लपवत व्हत्या?" मग तिनं स्वतःच्या पदराची गाठ सोडली आणि गोळ्या मशीनवर ठेवल्या.

"मावशी, उद्यापासून हळद काढायची हाय. दुखलं तर काय करू?"

मी त्या चुरगळलेल्या टोकावर पुन्हा इस्त्री फिरवली. तिनं गोळ्या उचलून परत पदरात बांधल्या. या खेपेला गाठ जरा सैल होती, किंवा मला तसं वाटलं.

वाकळ शिवून झाली. ते टोक मात्र मी कापून बाजूला काढलं. ते मशीनच्या खणात आहे. दोरा घ्यायला खण उघडला की आधी तेच हाताला लागतं.